किलोमीटरला १९ रुपये: म्हापशातल्या आमच्या छोट्या गाडीचा पाच वर्षांचा रिव्ह्यू

गाडी चांगली आहे, हे आधीच सांगून टाकते, नाहीतर पुढचे आकडे वाचून "मग विकून टाका की" म्हणणारे लोक असतातच. १ लिटरची पेट्रोल हॅचबॅक, मॅन्युअल, बीएस ६, २०२० मध्ये नवीकोरी घेतलेली, जीए ०३ पासिंग. कंपनीचं नाव मुद्दाम घेत नाहीये, कारण या साइझच्या सगळ्याच गाड्यांना थोड्याफार फरकाने हेच लागू पडतं आणि नाव घेतलं की लोक हिशोब सोडून कंपन्यांवरून भांडत बसतात. पाच वर्षांत ३५,००० किलोमीटर झालेत, म्हणजे वर्षाला ७,०००. कुठे अडकून पडली नाही, एसी मस्त, म्हापशाच्या बाजारात शुक्रवारी पार्किंग मिळालंच तर कुठल्याही फटीत बसते, चवथीचं सामान, माटोळी (गणपतीच्या वर बांधायची फळं-पानं), सासूबाई आणि दोन मुलं एवढं सगळं एका फेरीत येतं. अजून काय पायजे.

पण मला लिहायचंय ते खर्चाबद्दल. कारण कोणालाही विचारा "गाडी किलोमीटरला किती पडते", तो पेट्रोलचा भाव भागिले मायलेज करून मोकळा होतो. आमच्या घरीही तेच. आमचे हे अगदी छातीठोक सांगायचे, साडेपाच रुपये. मी घरचे सगळे हिशोब ठेवते, गाडीची फाइलपण माझ्याकडेच, तर पाच वर्षं झाली म्हणून सगळी बिलं काढून बसले आणि आकडा आला १९ रुपये २० पैसे. यांनी आधी मान्यच केलं नाही, मग कॅल्क्युलेटर घेऊन स्वतः करून बघितलं आणि चहा करायला निघून गेले.

आधी पेट्रोल घेऊ, कारण ते सगळ्यांना कळतं. कंपनीचा दावा २४ च्या वर. तो आकडा खोटा नसतो, पण तो लॅबमध्ये रोलरवर गाडी पळवून काढलेला असतो, ठरलेल्या स्पीडने, एसी बंद ठेवून. त्या रोलरवर पर्वरीच्या उड्डाणपुलाच्या कामाचं डायव्हर्जन नसतं, गिरीच्या सिग्नलची लाइन नसते आणि दर दोनशे मीटरवर गतिरोधक पण नसतात. आमचं खरं मायलेज म्हापसा गावात एसी लावून १४, सावंतवाडीला हायवेने गेलो की २०, सगळं मिळून सरासरी १७. हे डॅशबोर्डवरच्या आकड्यावरून नाही हां, तो आमच्या गाडीत कायम दीडएक किलोमीटर जास्तच दाखवतो. टाकी फुल टू फुल पद्धतीने काढायचं, म्हणजे नोझल आपोआप कट झालं की थांबायचं, "राउंड फिगर करू का मॅडम" ला नाही म्हणायचं, पुढच्या वेळी शक्यतो त्याच पंपावर परत कट होईपर्यंत भरायचं आणि मधले किलोमीटर भागिले आता भरलेले लिटर. एका टाकीवरून काही कळत नाही, पावसाळा आणि उन्हाळा दोन्ही धरून वर्षभराचं काढा.

गोव्यात पेट्रोल स्वस्त, हे आपलं जुनं सुख. २०१२ मध्ये पर्रीकरांनी पेट्रोलवरचा व्हॅट २० टक्क्यांवरून थेट ०.१ टक्क्यावर आणला होता, तेव्हापासून सिंधुदुर्गातली मंडळी टाकी भरायला सीमेवरच्या पत्रादेवीला येतात ती अजून येतातच, जरी व्हॅट नंतर परत वाढला तरी. २०२१ मध्ये गोव्यातही पेट्रोलने शंभरी ओलांडली होती. मी लिटरला ९६ चा भाव धरलाय. ९६ भागिले १७, म्हणजे ५ रुपये ६५ पैसे. आता सगळीकडे ई२० आलंय, त्याने मायलेज थोडं पडलंय ते वेगळंच. इथेनॉलच्या एका लिटरमध्ये पेट्रोलपेक्षा साधारण एक तृतीयांश ऊर्जा कमी असते, आणि ते २० टक्के मिसळलेलं, म्हणजे साध्या पेट्रोलच्या मानाने सहा-सात टक्क्यांचा फटका कागदावरच दिसतो, इंजिन त्याला किती जुळवून घेतं त्यावर कमीजास्त. भाव मात्र कमी झाला नाही.

तर साडेपाच-पावणेसहा हे खरंच आहे. बाकीचे साडेतेरा कुठून आले ते बघा.

सगळ्यात मोठा घास घसाऱ्याचा. गाडी ऑन रोड ६ लाखांना पडली, आता दोन-तीन ठिकाणी विचारलं तर ३ लाख ३० हजारच्या वर कोणी जात नाही. सावंतवाडीतल्या एका डीलरने तर अजून कमी सांगितले, म्हणे गोवा पासिंग आहे, एनओसी काढा, महाराष्ट्रात परत टॅक्स भरा, कोण करत बसणार, त्याचं पण बरोबरच आहे. म्हणजे २ लाख ७० हजार रुपये पाच वर्षांत हवेत गेले आणि ते ३५,००० किलोमीटरवर वाटले तर किलोमीटरला ७ रुपये ७१ पैसे. पेट्रोलपेक्षा जास्त! आणि हे पैसे कोणी खिशातून काढताना दिसत नाहीत म्हणून कोणी मोजत नाही, विकायच्या दिवशी एकदम दिसतात आणि तेव्हा आपण नवीन गाडीच्या आनंदात असतो.

दुसरं व्याज. ४ लाखांचं लोन, ९ टक्के, पाच वर्षं, हप्ता ८,३०० च्या आसपास, एकूण व्याज गेलं ९८ हजार २००. किलोमीटरला २ रुपये ८१ पैसे. पदरचे जे २ लाख घातले ते एफडीत असते तर त्यावर व्याज मिळालं असतं, तेही खरं तर धरायला हवं, पण मी सोडून दिलं. रोख पैसे देऊन गाडी घेणाऱ्यांनी मात्र हे सोडू नये, त्यांना वाटतं आपल्याला व्याज लागलंच नाही, पण पैसा कुठेतरी अडकलाच ना.

इन्शुरन्समध्ये पहिल्या वर्षाचं ओन डॅमेज (आपल्या गाडीच्या नुकसानीचं) आणि तीन वर्षांचं थर्ड पार्टी (आपल्या गाडीने दुसऱ्याचं नुकसान झालं तर त्याचं) ऑन रोड किमतीतच येतं, २०१८ पासून नवीन कारला ते सक्तीचंच आहे. पुढच्या चार वर्षांचे मिळून ३२ हजार गेले, म्हणजे किलोमीटरला ९१ पैसे. यातली थर्ड पार्टीची रक्कम सरकार ठरवतं, २०२२ च्या दराने १००० सीसीपर्यंतच्या खाजगी गाडीला वर्षाला २,०९४ अधिक जीएसटी, त्यात घासाघीस होत नाही. बाकीची ओन डॅमेजची रक्कम मात्र एजंटागणिक बदलते, तिथे भाव करा. आणि एक, छोट्या ओरखड्याला क्लेम टाकू नका. एक वर्ष क्लेम नाही केला तर ओन डॅमेजच्या प्रीमियमवर २० टक्के सूट, मग २५, ३५, ४५, ५० अशी वाढत जाते, आणि एक क्लेम केला की परत शून्यावर. आमच्या पार्किंगमध्ये कोणीतरी बंपर ठोकून पळून गेलं तेव्हा झिरो डेप (पार्टच्या किमतीत घसारा न कापणारं जादा कव्हर) नव्हतं, आणि झिरो डेप नसेल तर प्लास्टिक-रबरच्या पार्टची अर्धीच किंमत मिळते, गाडी एक वर्षाची असो की पाच. अर्धी किंमत, वर आपल्याला भरायचा ठरलेला हिस्सा वजा, वर पुढच्या वर्षीची सूट गेली. सगळं मांडून बघितलं आणि बंपर स्वतःच्या पैशाने गावातल्या मेस्त्रीकडे बदलून घेतला.

आता सर्व्हिस, आणि माझं खरं दुखणं इथेच आहे. मॅन्युअलमध्ये लिहिलंय १०,००० किलोमीटर किंवा एक वर्ष, जे आधी होईल ते. आमचं नेहमी वर्षच आधी होतं. म्हणजे दुसऱ्याची गाडी जेवढ्या ऑइलवर १०,००० जाते तेवढ्यात आमची ७,००० जाते, बिल तेवढंच. आणि मग लक्षात येतं की सगळंच असं आहे. इन्शुरन्स दर वर्षी, पीयूसी दर वर्षी, बॅटरी गाडी उभी असली तरी चार वर्षांत मान टाकते (साडेचार हजार), टायरचं नक्षीकाम शिल्लक असलं तरी पाच-सहा वर्षांत रबर कडक होतं आणि पहिल्या पावसात ब्रेक मारला की कळतं. घसारा तर आहेच, डीलर आधी विचारतो कुठल्या सालची, किलोमीटर नंतर बघतो. गाडीचा निम्म्याहून जास्त खर्च कॅलेंडर बघून चालतो, मीटर बघून नाही.

म्हणूनच आपल्या गोव्यात हा आकडा जास्त येतो असं माझं स्पष्ट मत आहे. पुण्याची माझी नणंद रोज चाळीस-पन्नास किलोमीटर करते, तिचा खर्च पसरतो. आपल्याकडे अख्खं राज्य वरून खाली शंभरएक किलोमीटरचं, कामाला जायचं तर म्हापसा-पणजी तेरा किलोमीटर, तेही हे कदंबाच्या शटलने जातात कारण पणजीत पार्किंग शोधण्यापेक्षा ते बरं, आणि मी स्कूटरवर. गाडी निघते ती रविवारी, मंगेशी-कवळ्याला, लग्नाबिग्नाला, सावंतवाडीला माहेरी. जवळजवळ अंतरं आहेत म्हणून स्वस्त पडत असेल असं वाटतं, पेट्रोलच्या बाबतीत पडतंही, पण किलोमीटरच इतके कमी की बाकीचा सगळा बोजा त्या थोड्याशा किलोमीटरवर बसतो. मी हिशोब करून बघितला, हीच गाडी वर्षाला १५,००० फिरली असती तर विकताना चाळीसएक हजार कमी आले असते, सर्व्हिस वाढली असती, तरीही किलोमीटरला १३ च्या आसपास आलं असतं. तीच गाडी, तोच रस्ता.

सर्व्हिस सेंटरबद्दल दोन शब्द, नाव नाही घेत. पाच वर्षांचे साडेसत्तावीस हजार झाले, म्हणजे ७९ पैसे, आणि यातले निदान सात-आठ हजार तरी मी आधीच्या दोन वर्षांत इंजिन फ्लश, एसी डिसइन्फेक्शन, थ्रॉटल क्लीनिंग अशा नावाखाली दिलेत जे मॅन्युअलच्या तक्त्यात कुठेच नाही. आता मी तक्त्याच्या पानाचा फोटो मोबाइलमध्येच ठेवलाय, काउंटरवर दाखवते, "एवढंच करा". तोंड वाकडं करतात, पण करतात. वॉरंटी संपल्यावर बाहेरच्या मेस्त्रीकडे जायला लागलो, तो जुना पार्ट हातात देतो.

किरकोळ म्हणून जे म्हणतात त्यात २१ हजार गेले, ६० पैसे. यात गोव्याची हवा-पाणी आलं. तीन हजार मिलिमीटर पाऊस आणि समुद्राची खारी हवा, खालून अंडरबॉडी कोटिंग दर दोन वर्षांनी करावंच लागतं, सस्पेन्शनचे बुश गेले, ब्रेकची डिस्क गाडी चार दिवस उभी राहिली तरी गंजते आणि मग घासल्यासारखा आवाज. आणि उंदीर! पावसाळ्यात इंजिनच्या उबेला येऊन बसतात, एकदा वायरिंग कुरतडलं, त्याचे साडेचार हजार. नारळाच्या झाडाखाली गाडी लावू नका हे सांगायला नकोच, आपल्याकडे सगळ्यांना माहीत असतं आणि तरी जागा तिथेच असते. टायरचे सोळा हजार, सेट ४०,००० किलोमीटर जाईल असं धरून, ४० पैसे, बॅटरी १३ पैसे, पार्किंग आणि पीयूसी आणि एक दंड मिळून २० पैसे. (दंड कोणाचा ते विचारू नका, सीटबेल्ट यांनीच लावला नव्हता.)

झाली बेरीज. ५.६५ अधिक ७.७१ अधिक २.८१ अधिक ०.९१ अधिक ०.७९ अधिक ०.६० अधिक ०.४० अधिक ०.२० अधिक ०.१३. एकोणीस रुपये वीस पैसे. वर्षाला १ लाख ३४ हजार, महिन्याला ११ हजाराच्या वर. पेट्रोल त्यात तीन हजार तीनशे.

आता हा १९ चा आकडा कुठे वापरायचा आणि कुठे नाही हेही सांगते, नाहीतर आमच्या यांनी लगेच त्याचं हत्यार केलं, "सावंतवाडीला जाऊन-येऊन नव्वद किलोमीटर, गुणिले १९, सतराशे रुपये, त्यापेक्षा बसने जा". नाही हो. गाडी दारात उभी आहे, तिचा इन्शुरन्स भरलाय, हप्ता गेलाय, मी गेले काय न गेले काय ते परत येणार नाहीत. आज एक फेरी जास्त मारली तर खरा जास्तीचा खर्च पेट्रोल, टायरची झीज, थोडं ब्रेक-ऑइल आणि विकताना किलोमीटरमुळे जे पडतील तेवढाच, तो माझ्या हिशोबाने ८ रुपये. नव्वद किलोमीटरचे सातशेवीस. चौघं जात असू तर बसशी तुलना करण्यासारखं आहे. १९ वापरायचा तो गाडी घ्यावी का, दुसरी घ्यावी का, विकावी का, हे ठरवताना. आणि ऑफिस किंवा भाऊबंद "तुझी गाडी ने, पेट्रोलचे पैसे देतो" म्हणतात तेव्हा निदान ८ तरी मागा, साडेपाच म्हणजे तुम्ही त्यांना उरलेले खिशातून देताय.

माझ्या स्कूटरचंही काढलं लगे हात. ११० सीसी, पेट्रोल, ऑन रोड ८५ हजार, पाच वर्षांत ४०,००० किलोमीटर, विकली तर ४० हजार येतील. घसारा १ रुपया १३, पेट्रोल ४५ च्या मायलेजने २ रुपये १३, बाकी सगळं मिळून पाऊण रुपया. चार रुपये. थर्ड पार्टी ७५ ते १५० सीसीला २०२२ च्या दराने वर्षाला ७१४, विषय संपला. घरातली सगळ्यात हुशार वस्तू हीच, पाऊस सोडला तर.

दिराने इलेक्ट्रिक स्कूटर घेतलीये, त्याला शोरूममध्ये सांगितलं "पंचवीस पैसे किलोमीटर". विजेपुरतं ते बरोबर आहे, किंबहुना गोव्यात वीज स्वस्त म्हणून कमीच. ३ युनिटची बॅटरी, चार्ज करताना थोडी वाया जाते म्हणून साडेतीन धरा, युनिटला ५ रुपये लावले तरी साडेसतरा रुपयांत नव्वद किलोमीटर, वीस पैसे. पण स्कूटर १ लाख ३० हजारांची, पाच वर्षांनी जुन्या बॅटरीसकट कोणी ४५ हजार दिले तर नशीब, म्हणजे तेवढ्याच ४०,००० किलोमीटरवर घसारा २ रुपये १३ पैसे, वर इन्शुरन्स, टायर, सर्व्हिस धरून तीनच्या जरा खाली. माझ्या स्कूटरपेक्षा रुपयाभर स्वस्त, मान्य. पण हा फायदा वर्षाला आठएक हजार किलोमीटर फिरणाऱ्याला. फक्त बाजार आणि देऊळ करणारीला, वर्षाला तीन हजारवालीला, पेट्रोलचीच स्वस्त पडेल, मी दोन्हीकडून गणित करून बघितलं. दीर अजून बोलत नाहीये नीट.

मग गाडी ठेवायची का? आम्ही ठेवतोय. टॅक्सीचा विचार केला, महिन्याला ११ हजारात बऱ्याच टॅक्स्या होतात, पण रात्री आठनंतर बस मिळत नाही, सासूबाईंना गुडघ्यांमुळे स्कूटरवर बसवत नाही आणि मध्यरात्री बांबोळीला हॉस्पिटलात न्यायची वेळ आली तेव्हा टॅक्सीवाल्याला फोन लावत बसायची माझी तयारी नाही. या सोयीची किंमत हिशोबात बसत नाही, पण ती आपण देतोय हे माहीत असलेलं बरं.

आणि ठेवायचीच तर आता विकून नवीन घेणं हा सगळ्यात महाग मार्ग आहे. लोन संपलं, मोठा घसारा होऊन गेला. पुढच्या पाच वर्षांत गाडी ३ लाख ३० वरून दीड-पावणेदोनवर येईल, दुरुस्ती वाढेल ती मी डबल धरली, तरी किलोमीटरला १४ च्या आसपास बसतंय. नवीन घेतली की परत १९ पासून सुरुवात, आत्ताच्या किमती बघता २१-२२. आरसी १५ वर्षांची आहे, दहा तरी पूर्ण करू.

घेणाऱ्यांसाठी: वर्षाला दहा हजारांच्या आत फिरणार असाल तर नवीन घेऊच नका, तीन वर्षांची, एका हातातली, खालून गंज बघून घ्या. वरचं मॉडेल, अलॉय, सनरूफ यात घातलेले पैसे विकताना सगळ्यात आधी बुडतात. या गाडीला माझ्याकडून पाचपैकी चार स्टार, एक कापला तो हेडलाइटसाठी, चोर्ला घाटात रात्री पाऊस असला तर पुढचं काही दिसत नाही.